ऋणनिर्देशातली पत्नी

तीर्थरूप दादास,

रागावलेल्या वडीलधाऱ्यांना करावा तसा, म्हणजे थोडा लांबून परंतु पुरता वाकून नमस्कार.

तुझी प्रकृती उत्तम असावी असे मी अनुमानाने लिहीत आहे. (त्या दिवशी फोन ज्या जोराने आपटलास, त्यावरून उजव्या खांद्याचे जुने दुखणे तरी पूर्ण बरे झालेले दिसते.) तुझे गुडघे, वहिनींचा रक्तदाब आणि वर्तमानपत्र हातभर लांब धरून वाचण्याची तुझी सवय, या तिन्हींची चौकशी एरवी मी फोनवर करते. तू फोन घेत नाहीस म्हणून ती या वेळी लेखी करावी लागत आहे. लेखी चौकशी अधिक नेमकी होते, हा त्यातल्या त्यात फायदा. गुडघ्यांना शेक द्यावा, वहिनींनी गोळ्या वेळच्या वेळी घ्याव्यात, आणि वर्तमानपत्र लांब धरण्याऐवजी तू चष्म्याचा नंबर बदलून घ्यावास. हात त्याहून लांब होणार नाहीत.

आता मुद्द्यावर येते. "या वयात, आम्हाला न विचारता, त्या विधुराशी लग्न करतेस?" हे तुझे फोनवरचे पहिले आणि शेवटचे वाक्य. तीन आरोप एका वाक्यात, आणि प्रत्येक आरोप आपापल्या जागी. रागातही तुझी वाक्यरचना ढळत नाही, याचा बहीण म्हणून मला अभिमानच आहे. (तुझ्या जागी दुसरा कोणी असता तर "काय चाललंय काय हे" एवढ्यावर त्याने भागवले असते.) मात्र ज्या क्षणी तू ते बोललास त्या क्षणी ते वाक्य साफ चुकीचे होते. मी कोणाशीही लग्न करत नव्हते. मी स्वयंपाकघरात घोटाभर पाण्यात उभी होते आणि माझ्या एका हातात बादली होती.

त्यानंतर तू माझ्याशी बोललेला नाहीस, आणि ते मला चालण्यासारखे नाही. आई गेल्यापासून माझ्या चुका काढण्याचा अधिकार या जगात मी फक्त तुला दिलेला आहे. तो तू बजावला नाहीस की आपले सर्व काही बरोबरच चालले आहे असे मला वाटू लागते. ते बहुधा खरेही असते, पण एकटीनेच बरोबर असण्यात काही राम नाही. म्हणून सगळी हकीकत क्रमाने सांगते. कोणत्या क्रमाने, हाच या प्रकरणातला वादाचा विषय आहे, हे पुढे तुझ्या लक्षात येईल.

आमच्या विश्वकोशाची कचेरी तू पाहिलेली आहेस. वरच्या मजल्यावर आमची लांब टेबले, तळमजल्यावर छापखाना आणि बांधणीचा विभाग. खाली यंत्र सुरू झाले की वर टेबलांवरच्या पेन्सिली एकाच दिशेने सरकू लागतात आणि आम्ही मान वर न करता त्या अडवतो. मी प्रमुख संपादक झाल्यापासून आमच्या एकाही खंडाला शुद्धिपत्र लागलेले नाही. ग्रंथ छापून झाल्यावर 'अमुक पानावर हे चुकले, त्याऐवजी ते वाचावे' अशी चिठ्ठी आत सरकवणे म्हणजे पाहुणे जेवून घरी गेल्यावर त्यांना पोस्टाने मिठाची पुडी पाठवणे होय. इतर संस्थांच्या कोशांत अशी शुद्धिपत्रे निघतात. ती मी वाचनखूण म्हणून वापरते.

चालू खंडातली 'कार्यकारणभाव' ही नोंद संचालकांनी मला न विचारता प्राध्यापकांकडे सोपवली. (तू ज्यांना 'तो विधुर' म्हणालास तेच हे गृहस्थ. पदार्थविज्ञान शिकवून निवृत्त झालेले आहेत आणि सगळे त्यांना नुसते प्राध्यापक म्हणतात.) विद्वत्तेबद्दल वाद नाही. परंतु शर्टाचे पहिले बटण दुसऱ्या काजात घालून हा मनुष्य दिवसभर निर्धास्त हिंडतो, आणि असा मनुष्य विश्वातल्या कोणत्या गोष्टीनंतर कोणती गोष्ट येते हे सांगणार, ही कल्पना मला प्रथमपासून सहन झाली नव्हती.

आमच्या संस्थेची एक प्रथा आहे. खंडाच्या शेवटी ऋणनिर्देशाचे पान असते आणि त्यात प्रत्येक नोंदलेखकाला एक वाक्य मिळते. लेखकाने नोंद पूर्ण करावी आणि तिच्यासोबत आभाराचे हे वाक्य पाठवावे, अशी रीत आहे. प्राध्यापकांकडून नोंदीचे एक अक्षरही आले नव्हते तेव्हा त्यांचे आभाराचे वाक्य येऊन पोहोचले: 'ज्या कठोर वाचनामुळे ही नोंद वाचनीय झाली, त्या वाचनाबद्दल माझ्या पत्नीचे आभार.' मी त्यांना कळवले की नोंद अजून अस्तित्वात नाही. त्यांनी उलट कळवले की त्याला वेळ आहे, आभार मात्र वेळेवर मानलेले बरे.

मी ते वाक्य छापायच्या कागदांत लावून टाकले. या खंडातल्या प्रत्येक धूमकेतूची कक्षा आणि प्रत्येक खिंडीची उंची मी दोन स्वतंत्र साधनांवरून पडताळलेली आहे. लेखकाची पत्नी पडताळावी असे मला सुचले नाही. तसे करणे शिष्टाचाराला धरून झाले नसते, आणि तुला म्हणून सांगते, त्या बाईंबद्दल मला आदरही वाटू लागला होता. नवऱ्याचे लिखाण कठोरपणे वाचणारी बायको ही काही रस्त्यावर पडलेली गोष्ट नाही. (त्या बटणाकडे तिचे लक्ष कसे जात नाही, एवढे एक न्यून मी तिच्या नावावर मांडून ठेवले होते.) प्राध्यापक कचेरीतून निघाले की मी "घरी नमस्कार सांगा" म्हणत असे आणि ते "सांगतो की" म्हणत असत. हे वर्षभर चालले.

नोंद यथावकाश आली, ती शेंड्याकडून. प्रथम निष्कर्ष आला, मग मधला भाग, आणि व्याख्या सर्वांत शेवटी. आशय असा की जगात परिणाम आधी घडतात आणि कारणे मागाहून येतात. परिणाम अंगाने हलके, म्हणून झपाझप पोहोचतात. कारणे जड, सामानसुमान घेऊन निघतात, म्हणून रखडतात. परिणाम दारात उभा राहिला की आपण गोंधळतो, आणि नंतर कारण धापा टाकत आले की सभेला उशिरा आलेल्या अध्यक्षांना न्यावे तसे त्याला सन्मानाने पहिल्या रांगेत नेऊन बसवतो. पुढे इतिहास लिहिणारे समजतात की अध्यक्ष पहिल्यापासून तिथेच होते. पुरावा म्हणून त्यांनी म्हणी दिल्या होत्या. वरातीमागून घोडे ही म्हण आपण कोणाची तरी टिंगल करायला वापरतो. प्राध्यापकांच्या मते तो विश्वाचा मूलभूत नियम आहे. बाजारात तुरी असतानाच घरात मारहाण होते, याचाही त्यांनी आधार घेतला होता. आणि कावळा बसायला व फांदी तुटायला एकच गाठ पडली असे आपण म्हणतो त्यात योगायोग काही नाही, फांदी तुटलेलीच असते, कावळ्याला फक्त कळवलेले असते, असे त्यांचे प्रतिपादन होते.

मी पहिला मसुदा परत पाठवला. त्यात न खोडलेले असे एकच वाक्य राहिले होते, आणि ते त्यांनी दुसऱ्याचे उद्धृत केलेले होते. आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार, असा शेराही मी समासात दिला. ते दुसऱ्या दिवशी स्वतः आले, माझ्या टेबलासमोरच्या खुर्चीवर बसले, न मागवलेल्या चहाबद्दल त्यांनी माझे मनापासून आभार मानले (त्यामुळे तो मागवावा लागला), आणि म्हणाले की लोक पोहरा आधी विकत आणतात आणि मग त्याची लाज राखण्यासाठी आड खणतात. मी म्हटले, हे तर्कशास्त्र नव्हे. ते म्हणाले, तर्कशास्त्र वाटेत आहे.

त्यांची ही आगाऊ आभार मानण्याची खोड तुला एका उदाहरणावरून कळेल. आमच्या कचेरीची लिफ्ट कित्येक महिने बंद होती. वार्षिक सभेत प्राध्यापकांनी उठून, लिफ्ट तत्परतेने दुरुस्त करून घेतल्याबद्दल संचालकांचे सर्वांसमक्ष आभार मानले. टाळ्या पडल्या. संचालक कानापर्यंत लाल झाले आणि पुढच्याच आठवड्यात लिफ्ट चालू झाली. मी प्राध्यापकांना समजावले की येथे कारण म्हणजे संचालकांची लाज आणि परिणाम म्हणजे लिफ्ट, क्रम अगदी सरळ आहे. ते लिफ्टमध्ये उभे होते आणि मी जिन्यावर. त्यांनी नम्रपणे विचारले की वर यायचे असेल तर दार धरून ठेवू का.

नोंद अखेर मी माणसात आणली. 'असे एक मत आहे' हे शब्द योग्य जागी घातल्यावर पुष्कळ गोष्टी निरुपद्रवी होतात. खंड छापून झाला, छापील तावांचे फर्मे दुमडून शिलाईला गेले. म्हणजे प्राध्यापकांच्या येण्याचे कारण संपले. येणे मात्र चालूच राहिले. फक्त कचेरीऐवजी ते रविवारी घरी येऊ लागले. मी ही विसंगती त्यांच्या निदर्शनास आणली. कारण निघालेले असेल, येईल, असे ते म्हणाले आणि खिडकीजवळच्या खुर्चीत बसले. (ती खुर्ची पूर्वी तुझी होती. आता तिथे दोन आहेत, तेव्हा भुवया चढवू नकोस.)

हा सिद्धांत एकदाचा निकालात काढावा म्हणून मी प्रयोग करायचे ठरवले. एखादा परिणाम मुद्दाम आधी घडवून आणायचा आणि कारण येत नाही हे दाखवून द्यायचे. माझ्या खालच्या मजल्यावर वहिनींच्या मावसबहीण राहतात, हे तू जाणतोस. मी त्यांच्याकडे गेले आणि माझ्या स्वयंपाकघरातले पाणी त्यांच्या छतातून ठिबकल्याबद्दल रीतसर क्षमा मागितली. ठिबकत काहीच नव्हते. माझ्या घरातले नळ माझ्यासारखेच आहेत. उगाच वाहवत नाहीत. एक आठवडा छत कोरडे राहील, प्राध्यापक निरुत्तर होतील आणि रविवार मोकळा होईल, असा माझा हिशेब होता. (रविवार मोकळा होण्याबद्दल मी तितकीशी उत्सुक नव्हते, हे आता लिहायला हरकत नाही.)

परंतु ज्या बाईची कोणी आयुष्यात क्षमा मागितलेली नाही, तिला आयती क्षमायाचना मिळाली की ती वाया घालवत नाही. त्या आठवडाभर स्टुलावर चढून छत न्याहाळत होत्या. कोरडे छत पाहून त्यांचा संशय उलट बळावला. वरची बाई उगाच क्षमा मागायची नाही, पाणी आत कुठेतरी मुरत असणार. त्यांनी नळवाल्याला बोलावले. तो वर आला, माझ्या मोरीजवळ उकिडवा बसला, त्याने नळावर ठोकून पाहिले आणि गळत काही नाही असा निर्वाळा दिला. इथे त्याने थांबायला हवे होते. पण आलोच आहोत तर बघून घेतो, असे म्हणून त्याने जो सांधा कित्येक वर्षे कोणाच्या अध्यात ना मध्यात होता, त्याला पाना लावला. (पाना धरण्याची त्याची पद्धतही चुकीची होती. मी तसे सांगत असतानाच सांधा सुटला.)

त्या दिवशी रविवार होता. प्राध्यापक निकाल पाहण्यासाठी आलेलेच होते. त्यांचा आनंद मी वर्णन करू शकत नाही. पँट गुडघ्यापर्यंत दुमडून, माझा एप्रन बांधून, ते फडक्याने पाणी लोटत होते आणि मधून मधून "आलं, कारण आलं" असे पुटपुटत होते. नळवाल्याने ओरडून विचारले की पाण्याचा मुख्य कॉक कुठे आहे, तेव्हा मी उत्तर देण्याच्या आत त्यांनीच सांगितले, जिन्याखाली, डाव्या हाताला, जरा जाम आहे, दाबून फिरवा. नेमक्या त्याच वेळी वहिनींच्या मावसबहीण दारात येऊन उभ्या राहिल्या. त्यांच्या छतातून आता खरोखरच धार लागली होती. त्यांनी एप्रनकडे पाहिले, दुमडलेल्या पँटकडे पाहिले, कॉकबद्दलचे वाक्य ऐकले, आणि एक शब्दही न बोलता परत गेल्या. बोलल्या असत्या तर मी निर्धास्त झाले असते. परक्या घरातला मुख्य कॉक ठाऊक असलेला पुरुष परका नसतो, हे त्यांचे अनुमान त्यांनी वहिनींना फोनवर कळवले. त्यांची विचारपद्धती सदोष आहे, पण चौकशी चोख. प्राध्यापकांबद्दलची सर्व माहिती त्यांनी आधीच काढून ठेवलेली होती. आणि पाणी ओसरायच्या आत तुझा फोन आला.

दादा, तुझ्या वाक्यातल्या बाकीच्या शब्दांनी मी दुखावले, हे खरे. पण 'विधुराशी' या शब्दावर मी अडखळले. मी या गृहस्थांच्या पत्नीला वर्षभर नमस्कार पाठवत होते. फोन ठेवला (म्हणजे तू आपटलास, मी ठेवला), बादली खाली ठेवली आणि मागे वळले.

"तुम्हाला पत्नी नाही?"

"अजून नाही," प्राध्यापक म्हणाले आणि फडके पिळले.

त्या क्षणी माझ्या मनात काय आले असेल असे तुला वाटते? तुला वाटते ते नव्हे. माझ्या मनात आले की खंडाच्या शेवटच्या पानावर खोटे विधान छापले गेले आहे.

दुसऱ्या दिवशी कचेरी उघडताच मी थेट तळमजल्यावर गेले. बांधणीकार पुठ्ठ्यांवर कापड चढवत होते. सरसाचा वास सुटला होता आणि शिवलेल्या प्रतींच्या थप्प्या छातीपर्यंत आल्या होत्या. त्यांना मी विचारले की शेवटचे पान बदलता येईल का. ते म्हणाले, बाई, ते पान सुटे नाही, अख्ख्या फर्म्यात गुंफलेले आहे, ते ओढले तर पुढचीही ढिली होतील. मग त्यावर कागदाची पट्टी चिकटवता येईल का. त्यांनी माझ्याकडे असे पाहिले की मी तो प्रश्न मागे घेतला. राहता राहिला एकच मार्ग. संचालकांनी तर हसून सांगितले की एक इवलीशी चिठ्ठी घालून द्या, आभाराचे पान वाचतो कोण. (मी वाचते. तू वाचतोस. जे लोक पुस्तके खरोखर वाचतात ते सगळे वाचतात.)

मी शुद्धिपत्राचा मजकूर तयार केला. 'शेवटच्या पानावर "माझ्या पत्नीचे" याऐवजी "प्रमुख संपादकांचे" असे वाचावे.' मजकूर निर्दोष होता. वस्तुस्थितीलाही धरून होता, कारण ती नोंद कठोरपणे वाचली होती ती मी आणि फक्त मीच. तो कागद हातात घेऊन मी छापखान्याच्या दाराशी उभी राहिले, आणि दादा, तो मला देववेना. सुरुवातीला मला वाटले की निष्कलंक कारकीर्दीवर डाग पडतो म्हणून हात आखडतो आहे. नंतर मजकूर पुन्हा वाचला तेव्हा लक्षात आले की मला खुपत होता तो शुद्ध केलेला शब्द. अशुद्ध शब्द मला अधिक पसंत होता.

मी प्राध्यापकांना बोलावून घेतले आणि माझ्या खंडात असत्य विधान घुसवल्याबद्दल खुलासा मागितला. ते म्हणाले की विधान असत्य नाही, थोडे लवकर आले आहे. त्यांच्या पत्नी फार वर्षांपूर्वी गेल्या, आणि त्या बाईंना वाचनाचा कंटाळा होता. आभाराचे वाक्य लिहिताना कोणीही डोळ्यांसमोर नव्हते. कोणीतरी असावे आणि त्याने आपले लिहिलेले कठोरपणे वाचावे, एवढेच वाटत होते. मग पहिला मसुदा परत आला, त्यांच्या स्वतःच्या प्रत्येक वाक्यावर काट मारलेला. "तेव्हा म्हटलं, चला, पत्ता लागला," ते म्हणाले. या वेळी त्यांनी चहाचे आभार मानले नाहीत. हातातला कप नुसताच फिरवत बसले. एखाद्या गोष्टीबद्दल आगाऊ आभार मानायला हा मनुष्य कचरतो आहे, असे मी प्रथमच पाहिले.

मी विचार करायला वेळ मागून घेतला. (हा विचार भावनिक नसून संपादकीय होता, असे मी स्वतःला सांगितले.) विधान छापलेले आहे. विधान बदलता येत नाही. वस्तुस्थिती बदलता येते. ज्या संपादकाला शुद्धिपत्र मान्य नाही, त्याच्यापुढे मजकुराप्रमाणे वस्तुस्थिती दुरुस्त करणे हा एकच सन्माननीय पर्याय उरतो. शिवाय काही किरकोळ बाबी होत्याच. त्यांना सांगितलेली चूक ते लगेच मान्य करतात आणि तरी सुधारत नाहीत, त्यामुळे मला करण्यासारखे काम कायम शिल्लक राहते. ते कप वाईट धुतात पण स्वतःहून धुतात. आणि ते आले नाहीत अशा एका रविवारी मी एकच पान चार वेळा वाचले, त्यात चूक नसताना.

सारांश तुझ्या लक्षात आलाच असेल. तू रागावलास तेव्हा रागावण्यासारखे काहीही घडलेले नव्हते. तू रागावला नसतास तर ते विधुर आहेत हे मला कळले नसते. कळले नसते तर छापलेले वाक्य मला खोटे वाटले नसते. आणि वाक्य खोटे वाटले नसते तर ते खरे करण्याचा प्रश्नच आला नसता. तुझा राग हा परिणाम आणि लग्न हे त्याचे कारण. परिणाम आधी आला, कारण मागाहून. मी या सिद्धांताला 'असे एक मत आहे' म्हणून नोंदीत जागा दिली होती. आता ते मत माझेही आहे असे लिहिण्याची पाळी तू माझ्यावर आणलीस. प्राध्यापकांनी वर्षभरात जे साधले नाही ते तू एका फोनने साधलेस. तेव्हा या जुळवाजुळवीचे श्रेय घ्यायचे की दोष, हे तूच ठरव. मला दोन्ही चालेल, फक्त ठरवून मला कळव.

नवा खंड सोबत पाठवत आहे. नेहमीप्रमाणे लाल पेन्सिल घेऊन बैस. त्यात एकही चूक नाही, शेवटच्या पानावरही नाही.

तुझ्या संमतीशिवाय मी काहीही करणार नाही, हे तुला ठाऊक आहेच. वहिनींना नमस्कार, आणि त्यांच्या मावसबहिणींना सांगावे की छताचा रंग मी करून देत आहे. रंगाची छटा मात्र मी निवडीन.

तुझी आज्ञाधारक
धाकटी बहीण

ता. क. वरच्या मजकुरात 'काहीही करणार नाही' असे लिहिले आहे ते यापुढच्या काळासंबंधी समजावे. नोंदणी गेल्या सोमवारी झाली. खंड मंगळवारी विक्रीला जायचा होता, आणि पहिली प्रत विकली जाण्यापूर्वी शेवटच्या पानावरचे वाक्य खरे असणे आवश्यक होते. साक्षीदार म्हणून बांधणीकार आणि संचालक आले. संचालकांनी सही चुकीच्या रकान्यात केली; ती मी पुन्हा करून घेतली. यावर तू पुन्हा रागावशील असे वाटत नाही, कारण या लग्नावरचा राग तू आधीच काढलेला आहेस, आणि एका लग्नावर दोनदा रागावणे हे तुझ्यासारख्या काटेकोर माणसाला शोभणार नाही.

ता. क. दुसरा. शेजारी बसून हे वाचणाऱ्या गृहस्थांची एक ओळ घालण्याची विनंती आहे. ती मी भाषा तपासून घालत आहे: 'आपण दिलेल्या आशीर्वादाबद्दल आणि येत्या महिन्यात आमच्याकडे येऊन राहिल्याबद्दल आपले व वहिनींचे मनःपूर्वक आभार.' मी त्यांना सांगितले की माझा भाऊ संचालकांसारखा नाही, तो लाजेने वळत नाही. ते म्हणाले, खोलीतली दुसरी खाट मी तरीही मांडून ठेवतो. मांडली आहे. वाकडी मांडली आहे. सरळ करायला तू ये.

ता. क. तिसरा, आणि यासाठीच एवढे सगळे लिहिले. तू रागावलास हे मी विसरून जाईन, पण त्या दिवशी जे विचारायला हवे होतेस ते न विचारताच तू फोन ठेवलास, ते काही केल्या मनातून जात नाही. लहानपणापासून मला कोणतीही नवी गोष्ट मिळाली की तू आधी तेच विचारायचास, आणि मग नावे ठेवायला घ्यायचास. तेव्हा उत्तर मी येथेच देऊन ठेवते. हो दादा, मी सुखात आहे. प्रश्न तेवढा तू फोन करून विचार.